हाराआडची चार बोटं

माझे काका सिनेमात होते असं म्हटलं, की समोरचा माणूस खुर्ची पुढे ओढून बसतो. "कोणत्या हो सिनेमात?" मी सांगते, "बोलके धरले तर तेहतीस. मुके वेगळे." मग तो विचारतो, "काय काम करायचे?" आणि मी सांगते, "भिंतीवर असायचे."

इथं बहुतेक सगळे हसतात. पूर्वी मी भांडायला उठायची. राग तसाही माझ्या नाकाच्या शेंड्यावर असतो. मी शिकवायची त्या शाळेतल्या पोरी मला पाठीमागे काय म्हणायच्या ते मला ठाऊक आहे. आता मी हसणाऱ्याला चहा देते आणि सगळं पहिल्यापासून सांगते. ज्याला घाई असेल त्यानं चहा पिऊन निघावं.

कमलाकांत वेलकर हे नाव तुमच्या कानावर आलेलं नसणार. ठाकूरद्वारच्या आमच्या चाळीत ते अण्णा होते आणि दादरच्या स्टुडिओतही अण्णाच. वेलकरांच्या घरात तीन पिढ्यांची कारकुनी. आजोबा पोर्ट ट्रस्टमध्ये, त्यांचे वडील कस्टममध्ये, आणि एकोणीस साली अण्णांनाही पोर्ट ट्रस्टमध्येच चिकटवलेलं. सहा महिने झाले नाहीत तोच दादरच्या एका फिल्म कंपनीचा माणूस यंत्राची पेटी सोडवायला तिथं आला आणि कागद बाजूला ठेवून अण्णांच्या तोंडाकडे बघत बसला. त्या काळी चांगल्या घरची बाई कॅमेऱ्यासमोर उभी राहायची नाही. कंपनीला दमयंती हवी होती. अण्णांचं नाक तरतरीत, डोळे मोठे, अंगकाठी शेलाटी. अडचण काय ती मिशीची. ती त्यांनी दुसऱ्याच दिवशी न्हाव्याकडे जाऊन उतरवली.

संध्याकाळी घरी आले तर आजोबा जेवायला बसलेले. आमच्याकडे मिशी उतरवतात ती बाप गेल्यावर. आजोबांनी हातातला घास ताटात ठेवला आणि म्हणाले, "कमळ्या, मी अजून जेवतोय रे." त्यानंतर चार महिने ते मुलाशी बोलले नाहीत. जिवंत कोण आणि मेलेला कोण, याचा घोळ अण्णांच्या मागे जन्मभर लागला, त्याची सुरुवात ही अशी झाली.

दमयंती झाली, तारामती झाली, एकदा मंदोदरीही झाली. पुढे बाया पडद्यावर यायला लागल्या तशी अण्णांची मिशी परत आली. मग ते राजे झाले, ऋषी झाले आणि मुख्य म्हणजे बाप झाले. बाप म्हणजे पहिल्या दोन रिळांत मरणारा माणूस. मरण्यात अण्णांचा हात धरणारा कोणी नव्हता. भाला लागून मरायचं ते वेगळं, विष पिऊन वेगळं, आणि मुलाच्या वाटेकडे डोळे लावून मरायचं ते तर फारच निराळं. मी लहान असताना ते मला तिन्ही करून दाखवायचे आणि काकी आतून ओरडायची, "अहो, दिवेलागणीला मरू नका!"

मुक्या पटात नटानं तोंडानं काय बोलावं यावर काही बंधन नसे. संवादाची पाटी मागाहून पडद्यावर यायची. एका चित्रात अण्णा राजा होते आणि मरत होते. पाटी आली, 'राजपुत्रा, प्रजेला जप.' तर लालबागच्या थिएटरात गिरणीतली माणसं पोट धरधरून हसायला लागली. अण्णा त्या शॉटमध्ये खरं म्हणजे म्हणाले होते, "अरे, पलंगात ढेकूण आहेत, लवकर उरका." मुके सिनेमे बघून बघून लोकांना ओठ वाचता यायला लागले होते. नटांना तर फारच. समोरच्या चाळीच्या गॅलरीत दोघी कुजबुजत असल्या, तर त्या काय बोलताहेत ते अण्णा आमच्या दारात बसून सांगायचे. काकी म्हणायची, "ही कला नाही, चहाड्या आहेत. पुरे करा."

मग सिनेमा बोलायला लागला. कंपनीनं सगळ्या नटांना एका खोलीत बोलावून एकेकाचा आवाज घेतला. अण्णांची तेव्हा भरघोस मिशी, अंगही भरलेलं, गालावर राजाचा रुबाब. ते यंत्रापुढे उभे राहिले, मरणाऱ्या बापाचा संवाद म्हणाले, आणि भोंग्यातून जो आवाज बाहेर आला तो बाईचा. चांगला, गोड, स्वच्छ, पण बाईचा. घरात सगळ्यांना त्या आवाजाची सवय होती, सगळ्यांना तो अण्णांचाच वाटायचा. तिथं दिग्दर्शक इतका हसला की त्याला पाणी द्यावं लागलं. "दमयंती होतो तेव्हा आवाज नव्हता, आणि आवाज आला तेव्हा दमयंती नव्हती," असं अण्णा ही गोष्ट सांगताना म्हणायचे. हसत हसत सांगायचे. पण सांगून झालं की उठून गॅलरीत जायचे आणि बराच वेळ आत येत नसत.

त्यांनी सिनेमा सोडला नाही. पोर्ट ट्रस्ट आता परत घेणार नव्हता आणि दुसरं काही त्यांना येत नव्हतं. मग ते दरबारात गप्प उभे राहिले, पेढीवर मान खाली घालून लिहीत बसले, पांढऱ्या चादरीखाली झोपले. आणि चाळीस साली ते भिंतीवर गेले.

मी तेव्हा आठ वर्षांची होते. दोन वर्षांपूर्वी माझी आई गेली होती, वडील नोकरीला बडोद्यात, म्हणून मी अण्णा आणि यशोदाकाकीकडे राहायला आलेली. त्यांना मूल नव्हतं. काकी ठेंगणी, गोरी, आवाजानं खणखणीत. नवऱ्याच्या वाट्याचा आवाजही देवानं तिलाच दिला होता. आमच्या बाहेरच्या खोलीत त्या दोघांचा एक फोटो होता, काळबादेवीच्या एका स्टुडिओत काढलेला. अण्णा खुर्चीवर, डोक्याला प्रभू पगडी, अंगात लांब कोट. शेजारी काकी उभी, डावा हात खुर्चीच्या पाठीवर अण्णांच्या खांद्याजवळ टेकलेला. काकीचा जगात तेवढाच एक फोटो होता.

त्या वर्षी कंपनीच्या एका चित्रात नायकाचा बाप वारलेला होता. त्याचा हार घातलेला फोटो भिंतीवर हवा होता, फोटो खानदानी हवा होता. अण्णा म्हणाले, "माझा आहे की." दुसऱ्या दिवशी धोतराच्या पानात गुंडाळून तो काखेत मारला आणि ट्रामनं दादरला घेऊन गेले. नायकाची आई चित्रात जिवंत होती आणि ते काम दुसरी एक बाई करत होती, हे त्यांच्या ध्यानात आलं नाही. सेटवरच्या माणसांच्या मात्र आलं. शॉट खोळंबलेला, दिवे तापलेले. बाबुराव म्हणून एक जण तेव्हा सेटची सजावट बघायचा. त्यानं फ्रेम उघडली, पोलादी पट्टी ठेवली, ब्लेड फिरवलं आणि काकीला कापून काढलं. खुर्चीच्या पाठीवरची तिची चार बोटं तेवढी अण्णांच्या बाजूला राहिली. ती दिसू नयेत म्हणून हार जरा तिरका घालून त्याखाली झाकली.

अण्णा तेव्हा चहा प्यायला गेले होते. परत आले तर ते भिंतीवर! एवढे मोठे, दिव्यांत झगझगणारे, आणि नायिका त्यांच्याकडे बघून डोळे पुसतेय. "मी माझंच तोंड बघत बसलो गं सुमे," ते मला फार वर्षांनी म्हणाले. "पॅकअप होईपर्यंत मला दिसलंच नाही की ती तिथं नाही."

त्या संध्याकाळी ते फोटो आणि हार दोन्ही घेऊन घरी आले. काकीनं दार उघडलं. तिला आधी हार दिसला. फ्रेमवरचा तो हार, आत आपला नवरा, आणि फ्रेम धरून उभा असलेलाही आपला नवराच. मला वाटलं आता ही रडणार. काकीनं हार फ्रेमवरून काढला, अण्णांच्या गळ्यात घातला, आत जाऊन निरांजन आणलं, त्यांना ओवाळलं, भाकरतुकडा ओवाळून टाकला, हातावर साखर ठेवली. म्हणाली, "हं, आता या आत. हार जिवंत माणसाच्या गळ्यात आहे. त्या भिंतीवरचं काही लागायचं नाही."

जेवणं झाली, भांडी झाली. मग तिनं तो फोटो हातात घेतला, पदरानं काच पुसली आणि विचारलं, "आणि मी कुठाय?"

अण्णांनी दुसऱ्या दिवशी सकाळी स्टुडिओत जाऊन केराचे ढीग उपसले. सेट उतरवणाऱ्यांनी सगळं झाडून नेलं होतं. त्यांनी काकीला म्हटलं, चल, उद्या नवा काढू, गिरगावातल्या सगळ्यांत मोठ्या स्टुडिओत काढू. काकी म्हणाली, "सिनेमावाल्यांनी मला आधी विधवा केली, मग घराबाहेर काढली. एकदा पुरे झालं. परत काढाल, परत कापाल." आरडाओरडा केला नाही. पण त्यानंतर ती कधी कॅमेऱ्यासमोर उभी राहिली नाही. दर दिवाळीला अण्णा विचारायचे, दर दिवाळीला ती चकल्या मोजायला उठायची. माझ्या बी.ए.च्या फोटोच्या वेळीही ती दाराआड गेली.

तो अर्धा फोटो मात्र चालला. सोज्वळ, घरंदाज, मेलेला वाटेल असा बाप पुन्हा कुठून शोधायचा? कंपनी बंद पडली तशी दुसरी कंपनी मागायला आली, मग तिसरी. फोटो नुसता पाठवून भागलं असतं. अण्णा पाठवत नसत. स्वतः दाढी करायचे, इस्त्रीचा कोट घालायचे, स्वतःला काखेत घेऊन ट्राममध्ये बसायचे आणि शॉट होईपर्यंत सेटवर कॅमेऱ्यामागे ताठ उभे राहायचे. "भूमिका आहे ती," म्हणायचे. "नटानं हजर असायला नको?" मी एकदा हसले तर काकीनं मला चिमटा काढला. तो अजून आठवतो.

आणि दर वेळी हार घरी यायचा. खऱ्या फुलांचाच असायचा. जिन्यात निशिगंधाचा वास आला की चाळीतली माणसं म्हणायची, "अण्णा आज परत गेले वाटतं." मग दारात निरांजन, भाकरतुकडा, साखर. तेहतीस वेळा. बोलक्या सिनेमांचा माझा आकडा आहे तो असा हारांवरून मोजलेला आहे; दरबारातलं गप्प उभं राहणं मी त्यात धरत नाही.

बाबुराव पुढे फिल्मची कापाकापी करणारे झाले, म्हणजे एडिटर, आणि आमच्या घरचेच झाले. काकी त्यांच्यावर रागावली नाही, पण सोडलंही नाही. ते दारात दिसले की मला हाक मारायची, "सुमे, बाबुराव आले गं, विळी उचल!" बाबुराव दर वेळी कानाच्या पाळीपर्यंत लाल व्हायचे. दर वेळी खालच्या मानेनं पोहे खायचे.

छप्पन साल उजाडलं. मुंबई महाराष्ट्राला द्यायची नाही असं दिल्लीत ठरत होतं आणि इथं गिरगावात जानेवारीत गोळीबार झाला. आमच्या गल्लीच्या तोंडाशी धूर, धावपळ, किंकाळ्या. काकी गॅलरीतून ओल्या फडक्यांच्या घड्या खाली पोरांना टाकत होती, डोळ्यांवर धरायला. आणि ज्यांनी पडद्यावर पन्नासेक वेळा, कधी गोळ्या खाऊनही, प्राण सोडले होते ते अण्णा आतल्या खोलीत कानांवर हात ठेवून बसले होते. मी त्यांना पाणी द्यायला गेले. म्हणाले, "आम्ही खाल्ल्या त्या सगळ्या मुक्या होत्या गं. खऱ्या गोळीचा आवाज माहीतच नव्हता मला."

त्या दिवसापासून काकी वेगळी झाली. देवळापलीकडे एकटी न गेलेली बाई सभांना जायला लागली. बायकांचा मोर्चा परळहून लालबागकडे निघणार होता, तेव्हा मी तेवीस-चोवीस वर्षांची शिक्षिका, मला वाटलं मीच हिला सांभाळून नेईन. कसलं काय. चार पावलं माझ्या पुढे, पदर खोचलेला, आणि तो आवाज! "मुंबईसह संयुक्त महाराष्ट्र" असं पुढून कोणी म्हटलं की मागून शेकडो बाया "झालाच पाहिजे" म्हणायच्या, आणि त्यांत मला हिचा वेगळा ऐकू यायचा. लालबागच्या नाक्यावर ती मध्येच डावीकडे वळली, हसली, हात वर करून काहीतरी ओरडली. त्या गोंगाटात मला कळलं नाही. नंतर विचारलं तर म्हणाली, "ओळखीचं माणूस दिसलं." माझे पाय दुखत होते. मी पुढे विचारलं नाही, आणि त्याचा मला पुढे फार पस्तावा झाला.

अठ्ठावन्न साली दिवाळीनंतर काकीला टायफॉइड झाला. अकराव्या दिवशी ती गेली. एवढा मोठा आवाज आमच्या दोन खोल्यांतून गेला, आणि मला त्या दोन खोल्या एकदम फार मोठ्या वाटायला लागल्या.

तेराव्याला माणसं जमली. अण्णांचे चुलतभाऊ मनमोहन, सॉलिसिटरच्या ऑफिसात मोठे, प्रत्येक कार्यात काय कसं असावं ते सांगणारे. त्यांनी चौरंग मांडून घेतला, पांढरं कापड घातलं आणि विचारलं, "वहिनींचा फोटो कुठाय?"

मग अण्णा उठले, भिंतीवरचा तो अर्धा फोटो काढला आणि चौरंगावर ठेवला. पगडी, कोट, मिशी. स्वतःचा.

"अरे कमलाकांत, वेड लागलं का?" मनमोहनकाकांचे डोळे पांढरे झाले. "जिवंत माणसाचा फोटो तेराव्याला?"

अण्णांनी हाराला हात लावला नाही. ताटातलं एकच शेवंतीचं फूल उचललं आणि फोटोच्या कडेला, खुर्चीच्या पाठीवर जिथं ती चार बोटं होती, तिथं ठेवलं. त्यांच्या त्या बारीक आवाजात म्हणाले, "एवढीच उरली आहे माझ्याकडे."

दारापाशी बाबुराव उभे होते. ते न जेवता निघून गेले.

त्यानंतर अण्णांनी फोटो कोणाला दिला नाही. पुढच्याच महिन्यात एक कंपनी दारात आली होती. "ती बोटं आता घरीच राहतील," म्हणाले. माणसाला वाटलं म्हातारा भ्रमिष्ट झाला. एकोणीस साली सुरू झालेली कारकीर्द अशी संपली. ते रोज सकाळी फोटोपुढे खुर्ची ओढून बसायचे. एकदा म्हणाले, "सुमे, मला तिचं तोंड आठवतं, पण हसताना कसं व्हायचं ते सुटत चाललंय." मी त्यांच्यावर खेकसले, काहीतरीच बोलता म्हणून. मग आत जाऊन रडले, कारण माझंही सुटत चाललं होतं.

तीन-चार आठवड्यांनी बाबुराव आले. चप्पल न काढताच उंबऱ्यात उभे राहिले. "अण्णा, छप्पनचा बायकांचा मोर्चा मी घेतला होता. लालबागच्या नाक्यावर. कंपनीचा जुना हातानं फिरवायचा कॅमेरा होता, आवाज नाही काही. वहिनी होत्या त्या मोर्चात?"

"होती," मी म्हटलं. "मी होते बरोबर."

"ती फिल्म मी परत बघितलीच नाही. त्या दिवसांत जवळ ठेवायचीसुद्धा भीती. दुसऱ्या कामाबरोबर लपवून धुऊन घेतली आणि डब्यावर भलतंच नाव घालून ठेवून दिली." ते अण्णांकडे बघत नव्हते. "त्यात हजारभर बाया आहेत. वहिनी असतील असं मी म्हणत नाही. असतील तर असतील."

रविवारी सकाळी आम्ही तिघं परळला त्यांच्या स्टुडिओत गेलो. एडिटिंगची खोली म्हणजे एक टेबल, फिरवायचं हँडल, आणि खालून उजेड सोडलेली तळहाताएवढी काच. काचेवर चित्र चालतं. 'गणपती विसर्जन, काळाचौकी' असं लिहिलेला डबा बाबुरावांनी उघडला. अण्णा माझ्या हाताला धरून उभे होते.

बाया चालत होत्या. नऊवारीतल्या, पाचवारीतल्या, कडेवर मुलं घेतलेल्या. तोंडं उघडायची, मिटायची, आवाज काही नाही. पहिली गुंडाळी संपली. दुसरीच्या मध्यावर मी मला दिसले. मी ओरडताना इतकी वाईट दिसते हे मला आजवर कोणी सांगितलं नव्हतं. आणि माझ्या पलीकडे काकी! तिचा अंबाडा दिसत होता, खांदा दिसत होता, आणि तोंडावर माझा हात. मी हात वर करून घोषणा देत होते आणि तो मेला हात काही खाली येत नव्हता. स्वतःचा हात तोडून टाकावासा वाटणं म्हणजे काय ते मला तेव्हा कळलं.

मग हात खाली आला. काकी वळली. सरळ आमच्याकडे बघितलं, हसली, हात उंचावून काहीतरी म्हणाली, आणि गर्दीत पुढे निघून गेली. तीन-चार सेकंदांचा खेळ.

बाबुरावांनी हँडल उलटं फिरवलं. काकी मागं आली, परत वळली, परत हसली. आता मला दिसलं की बाकी सगळ्या बायांची तोंडं एका तालात चालली होती, 'झालाच पाहिजे'. काकीचं तेवढं वेगळं होतं.

"मला बघून बोलल्या त्या," बाबुराव म्हणाले. "कॅमेऱ्यामागे मी होतो, पण त्या गर्दीत मला त्या दिसल्याच नाहीत. काय म्हणताहेत, अण्णा?"

"परत फिरव."

चार वेळा फिरवली. अण्णा काचेवर वाकले होते, त्यांचेही ओठ हलत होते. पाचव्या वेळी काकी वळली, हसली, तिचा हात वर गेला, आणि खोलीत आवाज आला, "बाबुराव, आता तरी कापू नका मला!"

आवाज अण्णांचा होता. सत्तावीस वर्षांपूर्वी भोंग्यातून आला म्हणून सगळी कंपनी ज्याला हसली होती तोच. तो तिच्या तोंडात नेमका बसला. काकी बोलली. आमच्या डोळ्यांदेखत बोलली.

बाबुरावांनी हँडल सोडलं. चष्मा काढून टेबलावर डोकं टेकलं. मग म्हणाले, "हा तुकडा आज ना उद्या मी काढलाच असता, अण्णा. कॅमेऱ्यात बघणारं माणूस आम्ही ठेवत नाही."

अण्णांनी त्यांच्या पाठीवर हात ठेवला. "आता ठेव," म्हणाले.

त्यातलं एक चित्र बाबुरावांनी मोठं करून दिलं. जरा धुरकट आहे, पण काकी आहे. मनमोहनकाका आले, बघितलं, म्हणाले, "तोंड मिटलेलं नव्हतं का एखादं? भिंतीवर बाईमाणूस असं ओरडतंय म्हणजे..." अण्णा म्हणाले, "मिटलेल्या तोंडाची ती मला ओळखू आली नसती." आणि तो फोटो त्यांनी आपल्या अर्ध्या फोटोला अगदी खेटून लावला. बोटं या फोटोत, चेहरा त्या फोटोत.

साठ साली एक मेला महाराष्ट्र झाला, मुंबईसह झाला. त्या आठवड्यात काळाचौकीच्या एका मंडळानं दुपारी शाळेच्या हॉलात खिडक्यांना घोंगड्या लावून बाबुरावांची ती फिल्म दाखवली. काकीचा तुकडा शाबूत होता. माझ्या मागे एक पोरगी आईला विचारत होती, "ती बाई कोणावर ओरडतेय गं?" आणि माझ्या शेजारी अंधारात अण्णांनी हळूच, अगदी तिच्या ओठांबरोबर, तो संवाद म्हटला. बोलक्या सिनेमातला त्यांचा एकुलता एक.

सहासष्ट साली अण्णा गेले. घरी, माझ्या हातचं दूध पिऊन, काहीही करून न दाखवता. या वेळी फोटोचा प्रश्न नव्हता. मनमोहनकाका काठी टेकत आले, येताना निशिगंधाचा हार घेऊन आले. वास जिन्यातच आला आणि मी सवयीनं निरांजनाकडे वळले. मग थांबले.

काकांनी तो फोटोला घातला, आणि इतकी वर्षं सेटवर घालायचे तसाच तो डावीकडे कलून त्या बोटांवर पडला. मी पुढे झाले आणि हार बोटांवरून बाजूला सरकवला.

"अगं, वाकडा दिसतोय," मनमोहनकाका म्हणाले.

"दिसू दे," मी म्हटलं.